रिम उलटी करून बघा

सांगली-मिरज रस्त्याला आमचं टायरचं दुकान आहे. आण्णांनी टाकलेलं, आता मी बघते. पंक्चर, बॅलन्सिंग, अलाइनमेंट, बेंड काढणं ही रोजची कामं. रिमा बदलायला सगळ्या तऱ्हेच्या गाड्या येतात, पण त्यात सात-आठ माणसांच्या गाड्या जास्त. इनोव्हा, अर्टिगा, ईको, कॅरेन्स. असली गाडी कुणी एकट्यासाठी घेत नाही. कधी लग्नाचं वऱ्हाड, कधी पंढरपूर, कधी मिरजेच्या दवाखान्यात नेलेला पेशंट आणि त्याच्याबरोबरची चार माणसं. गाडी भरलेलीच धावते. भरलेलं चाक खड्ड्यात आपटलं की सगळा मार रिमच्या कडेवर बसतो. उसाच्या सीझनला रस्ते ट्रॉल्यांनी भरलेले असतात, रात्री समोरच्या उजेडात खड्डा दिसतच नाही. सकाळी गाडी आमच्या दारात.

गेल्या पावसाळ्यात कवठेमहांकाळचे एक गुरुजी आले. २०११ ची इनोव्हा. दर बुधवारी आईला मिरजेला दवाखान्यात आणतात. दोन रिमा वाकल्या होत्या म्हणून त्यांनी बाहेरगावच्या एका दुकानातून सोळा इंची चार अलॉय, म्हणजे ॲल्युमिनियमच्या रिमा, आणल्या होत्या, वापरलेल्या पण दिसायला नव्यासारख्या. दुकानदारानं तिथंच एक रिम गाडीला लावून, पाचही नट आवळून दाखवली होती. गुरुजी म्हणाले, "ताई, नट सगळे बसतात, पण ऐंशीच्या पुढं गेलं की स्टेअरिंग थरथरतंय. आईला मागं बसणं सोसत नाही. बॅलन्सिंग करून द्या."

बॅलन्सिंग म्हणजे छोटी वजनं लावून चाकाचं वजन सगळीकडून सारखं करणं. मी मशीनवर चाक चढवलं. तिथं चाक चांगलं निघालं, दहा-पंधरा ग्रॅम वजनात काम झालं. गाडीवर चढवून रस्त्यावर नेलं तर थरथर तशीच. मग चाक उतरवून जमिनीवर उपडं टाकलं आणि पट्टी घेऊन बसले. शेजारशेजारच्या दोन भोकांमधलं अंतर ६५.८ मिलिमीटर भरलं. इनोव्हाला ते ६७.२ लागतं. फरक दीड मिलिमीटरसुद्धा नाही. एवढ्यावर गुरुजींचे पैसे गेले होते, आणि एवढ्यावर त्यांची आई मागच्या सीटवर बसून प्रवास करत होती.

म्हणून हे लिहायला घेतलं. रिम पसंत करताना सगळे तिचं तोंड बघतात. किती काड्या, काळी की चंदेरी, कडेला कट आहे का. खरी माहिती पाठीमागं असते. दुकानात गेलात की रिम उलटी करायला सांगा. करू देत नसेल तर पुढचं दुकान बघा.

सगळ्यात आधी स्वतःची गाडी वाचा. ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीवर किंवा दाराच्या कडेला टायरचा साइज आणि हवेचा दाब लिहिलेला स्टिकर असतो. टायरच्या बगलेवरही साइज असतोच, पण आधीच्या मालकानं टायर बदलले असतील तर तो गाडीचा मूळ साइज असेलच असं नाही. मग एक चाक काढा आणि रिमच्या पाठीमागचे अंक फोनमध्ये टिपून घ्या. लोखंडी रिमवर ते हवेच्या व्हॉल्व्हच्या आसपास किंवा मधल्या भागावर ठोकलेले असतात, चिखल घासून काढला की दिसतात. "१५ × ६ जे" म्हणजे १५ इंच व्यास, ६ इंच रुंदी, आणि जे हा कडेचा आकार. शेजारी "ईटी" किंवा नुसता एखादा दोन आकडी अंक असतो, तो ऑफसेट, त्याबद्दल पुढं सांगते. हा फोटो खिशात असला की दुकानदाराच्या "चालतंय की, सगळ्यांना बसते ही" या बोलण्याला तुमच्याकडं उत्तर असतं.

आता पीसीडी. सगळी भोकं ज्या वर्तुळावर बसतात त्या वर्तुळाचा व्यास म्हणजे पीसीडी. चार भोकांच्या रिमला मोजायला सोपं, समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यापासून मध्यापर्यंत सरळ पट्टी लावायची. पाच भोकांना समोरासमोर भोक नसतं. तिथं शेजारच्या दोन भोकांमधलं अंतर घ्यायचं आणि १.७ नं गुणायचं. मध्य डोळ्यानं नीट सापडत नाही, म्हणून एका भोकाच्या डाव्या काठापासून दुसऱ्या भोकाच्या डाव्याच काठापर्यंत मोजा, उत्तर तेच येतं. ६७.२ आलं तर पीसीडी ११४.३, म्हणजे जुन्या मापात बरोबर साडेचार इंच. ६५.८ आलं तर ११२. ५८.८ आलं तर १००. २००५ ते २०१६ ची जुनी इनोव्हा आणि नंतरची क्रिस्टा, दोन्हींना पाच भोकं आणि ११४.३.

११२ आणि ११४.३ यांनी सगळ्यात जास्त घात केलाय, कारण ११२ ची रिम ११४.३ च्या हबवर, म्हणजे गाडीच्या ज्या भागावर चाक बसतं त्यावर, चढते. भोकं स्टडपेक्षा, म्हणजे हबवरच्या ज्या बोल्टांवर नट बसतात त्यांच्यापेक्षा, जरा मोठी असतात ना. पाना मारला की नटही आवळले जातात. पण पहिला नट आपल्या खोबणीत नीट बसला की उरलेले भोकाच्या एका काठावर टेकतात, रिम तिरकी ओढली जाते आणि स्टड वाकायला लागतात. गुरुजींच्या गाडीचे नट काढल्यावर मी त्यांना रिमच्या खोबणी दाखवल्या. नट बरोबर बसलेला असला की खोबणीत घासल्याची चकचकीत रेघ पूर्ण गोल उमटते. त्यांच्या रिमवर अर्धचंद्रासारखी, एकाच बाजूला खरवडलेली होती. पाचांतल्या चार खोबणी अशाच. गुरुजी बराच वेळ त्यावरून बोट फिरवत उभे राहिले.

दुकानातच करता येईल अशी एक परीक्षा आहे. टायर न चढवलेली नुसती रिम हबवर लावा आणि पाचही नट पाना न लावता बोटांनी फिरवा. पाचही नट बोटांनीच शेवटपर्यंत गेले पाहिजेत आणि रिम हबला सपाट टेकली पाहिजे. एखाद्या नटाला शेवटच्या दोन आट्यांसाठी पाना लागला तर तिथंच थांबा.

पीसीडी जुळला म्हणजे काम झालं असं नाही. मधलं मोठं भोक बघा. आम्ही त्याला बोअर म्हणतो. हबचा मधला उंचवटा या भोकात बसतो आणि रिम बरोबर मध्यावर धरतो. टोयोटाच्या या गाड्यांना ६०.१ मिलिमीटर, होंडाच्या पाच नटांच्या गाड्यांना ६४.१, ह्युंदाई आणि कियाच्या पाच नटांच्या गाड्यांना ६७.१. पीसीडी तिघांचाही ११४.३ असू शकतो, बोअर मात्र वेगळा. बाजारातल्या अलॉय तर मुद्दाम मोठ्या बोअरच्या करतात, बऱ्याचदा ७३.१ च्या, म्हणजे एक माल अनेक गाड्यांना विकता येतो. मोठा बोअर चालतो, पण मधली मोकळी जागा भरायला हब रिंग घ्याच. बाहेरचा व्यास रिमच्या बोअरइतका, आतला गाडीच्या हबइतका. रिंग स्वस्त असते, आणि दुकानदार ती द्यायला हमखास विसरतो. प्लास्टिकची चालते, पण घाटात ब्रेक तापतात म्हणून भरलेल्या गाडीला मी ॲल्युमिनियमचीच देते. ती वर्षातून एकदा काढून पुसा, नाहीतर हबला गंजून चिकटते.

रिमचा बोअर हबपेक्षा लहान असला तर रिम बसतच नाही. मग कुणीतरी सुचवतं, खरादावर नेऊन बोअर वाढवून घ्या. आपल्याकडं खराद पावलोपावली आहेत, काम अर्ध्या तासाचं. तरी मी ते करू देत नाही. बोअर वाढवताना मध्य केसभर सरकला तर चाक जन्मभर उडत राहतं, आणि ते कुठल्याही बॅलन्सिंगनं जात नाही.

नटाकडं तर कुणी बघतच नाही. नट रिमला जिथं टेकतो तो भाग तीन तऱ्हेचा असतो. एक तिरका, शंकूसारखा, बाजारातल्या बहुतेक अलॉयचा आणि लोखंडी रिमांचा. दुसरा गोल, अर्ध्या गोळीसारखा, होंडाच्या कंपनी रिमांचा. तिसरा सपाट, ज्याच्या नटाला वॉशर असतो आणि लांब मान असते. टोयोटाच्या काही कंपनी अलॉयना हा येतो. शंकूचा नट गोल खोबणीत घातला तर तो रेघभरच टेकतो. वरून आवळलेला दिसतो आणि पन्नास-शंभर किलोमीटरवर सैल होतो. म्हणून वापरलेली कंपनी अलॉय घेताना तिचे नटही मागून घ्या. बाजारातली अलॉय घेतली तर तिला लागणारे शंकूचे नट नवे घ्या. लोखंडी स्टेपनीसाठी जुने नट डिकीत एका पिशवीत ठेवा. रात्री बारा वाजता शिरढोणच्या माळावर पंक्चर झालं तर ती पिशवीच कामाला येते.

नटाचे आटेही वेगळे. टोयोटा, होंडा, ह्युंदाई यांचे १२ × १.५, मारुतीचे १२ × १.२५. पहिला अंक स्टडची जाडी, दुसरा दोन आट्यांमधलं अंतर, दोन्ही मिलिमीटरमध्ये. दोन्हींचा स्टड १२ मिलिमीटरचाच असल्यामुळं नट वरून अगदी सारखे दिसतात. आमच्याच दुकानात एकदा चूक झालीय. हाताखालच्या नव्या पोरानं मारुतीचा नट एका इनोव्हाच्या स्टडवर ठेवला आणि नट आवळायची हवेची गन लावली. गन आटे विचारत नाही, ओढत नेते. स्टडचे आटे चिरडले, हब उतरवून नवा स्टड ठोकावा लागला. गाडी दोन तास अडकली, गाडीत आटपाडीहून आलेलं लहान पोर होतं, उन्हाचा कडाका होता. खर्च आम्ही सोसला, पण त्या आईनं पोराला पदरानं वारा घालत काढलेले दोन तास परत देता आले नाहीत. तेव्हापासून आमच्याकडं पहिले तीन आटे हातानंच. तुम्हीही समोर उभं राहून तसंच करायला लावा.

ऑफसेटवर जरा जास्त बोलते, कारण इथं रिम चढते, नट बसतात, सगळं ठीक वाटतं आणि त्रास सहा महिन्यांनी सुरू होतो.

रिम उभी धरून तिची रुंदी मधोमध कापली अशी कल्पना करा. हबला टेकणारी सपाट बाजू त्या मधल्या रेघेपासून किती मिलिमीटर सरकलेली आहे, तो ऑफसेट. ती बाजू गाडीच्या बाहेरच्या अंगाला सरकलेली असेल तर अंक धन, आणि आपल्याकडच्या कुटुंबाच्या गाड्यांना तो धनच असतो. अंक जितका मोठा तितकं चाक आत जातं. अंक लहान झाला की चाक बाहेर येतं. रिमवर अंक सापडला नाही तर घरी मोजता येतो. रिम तोंडावर उपडी टाका, पाठीमागच्या दोन्ही कडांवर एक सरळ फळी आडवी ठेवा. फळीपासून खाली हबला टेकणाऱ्या भागापर्यंत मोजा. मग एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत रिमची सगळी रुंदी मोजून तिचं अर्ध करा. पहिल्या अंकातून हे अर्ध वजा केलं की ऑफसेट. रिमवर सहा इंच लिहिलेलं असतं ती टायर बसण्याची आतली जागा, कडा धरून मोजलं तर सात इंचाच्या आसपास भरतं. म्हणून लिहिलेली रुंदी न घेता मोजलेलीच घ्या.

उदाहरण घेऊ. समजा मूळ रिम ६ इंची, ऑफसेट ४५. दुकानदार दाखवतोय ७ इंची, ऑफसेट ३५. एक इंच रुंदी वाढली म्हणजे दोन्ही बाजूंना १२.७ मिलिमीटर. वर ऑफसेट दहानं कमी, म्हणजे सगळं चाक आणखी १० मिलिमीटर बाहेर. बाहेरची कड २२.७ मिलिमीटर बाहेर आली, आतली कड २.७ मिलिमीटर आत गेली. गाडी एकट्या माणसानं चालवली तर मडगार्डला काही लागत नाही, चाक उलट "भरलेलं" दिसतं आणि मालक खूश होतो. मग शेवटच्या सीटवर तीन माणसं आणि वर बॅगा येतात, मागचा भाग खाली बसतो, आणि खड्ड्यात टायरची बगल मडगार्डच्या आतल्या कडेला घासते. ती कड पातळ पत्र्याची, आतल्या बाजूला दुमडलेली. टायरला सुरीसारखी लागते. मी असे टायर बघितलेत, बगलेवर सगळीकडून एकसारखी गोल कापल्याची रेघ.

दुसरा त्रास दिसत नाही. चाक जितकं बाहेर, तितका बेअरिंगवर पडणारा भार तिरका. स्टेअरिंगही जड होतं, खड्ड्यात चाक हाताला झटका देतं. म्हणून माझा नियम असा: ऑफसेट मूळच्या पाच मिलिमीटर इकडंतिकडं असू द्या, रुंदी अर्ध्या इंचापेक्षा जास्त वाढवू नका. स्पेसरची चकती घालून चाक बाहेर काढायला सांगतात, त्याला माझ्याकडून सरळ नकार आहे. माणसं वाहणाऱ्या गाडीला तर नाहीच.

नुसती रिम हबवर लावली आहेच तर ब्रेकही बघून घ्या. हातानं रिम एक पूर्ण फेरा फिरवा, कॅलिपरच्या, म्हणजे ब्रेक दाबणाऱ्या भागाच्या, उंचवट्यापासून रिमच्या काड्यांपर्यंत आणि आतल्या गोलापर्यंत सगळीकडं किमान तीन मिलिमीटर जागा हवी. कमी असेल तर नको, कारण तापल्यावर आणि चिखल बसल्यावर तेवढीही उरत नाही. बॅलन्सिंगची चिकटवायची वजनं आतल्या गोलावर बसतात, त्यांची जाडीही यात धरा. टायर चढल्यावर स्टेअरिंग दोन्ही टोकांपर्यंत फिरवून आतून सस्पेन्शनच्या आर्मला काही लागतंय का ते टॉर्च धरून बघा.

टायरचा व्यास. रिम मोठी घेतली तर टायरची उंची कमी करावी लागते, म्हणजे चाकाची एकूण उंची तीच राहते. हिशेब कागदावर करा, दोन मिनिटांचा आहे. जुन्या इनोव्हाचा टायर २०५/६५ आर १५. टायरची उंची रुंदीच्या, म्हणजे २०५ मिलिमीटरच्या, ६५ टक्के म्हणजे १३३.२५, वर आणि खाली मिळून २६६.५. त्यात १५ इंच म्हणजे ३८१ मिळवले की चाकाची उंची ६४७.५ मिलिमीटर. सोळा इंची रिमवर २०५/६० घातला तर ६५२.४ येते, एक टक्काही फरक नाही, छान. २१५/५५ आर १६ घातला तर ६४२.९, तेही चालतं, पण टायर बुटका होतो आणि आपल्या रस्त्यांवर रिमला मार जास्त बसतो. मला विचाराल तर २०५/६०.

हा हिशेब न करता सगळ्यात जास्त फसगत होते ती क्रिस्टाच्या चाकांत. लोक नवीन क्रिस्टाला मोठ्या अलॉय घालतात आणि कंपनीची सोळा इंची चाकं टायरासकट विकायला काढतात. जुन्या इनोव्हावाल्याला ती सोन्यासारखी वाटतात. पाच भोकं, ११४.३, बोअर ६०.१, आटे १२ × १.५, सगळं जुळतं. पण त्यावरचा टायर २०५/६५ आर १६ आहे. त्याची उंची ६७२.९, म्हणजे जवळजवळ चार टक्के जास्त. स्पीडोमीटर शंभर दाखवेल तेव्हा गाडी एकशेचारवर असेल, चढावर इंजिन ओढताना दमेल. रिम घ्या, टायर बदला. आणि ऑफसेट त्या रिमवरचा स्वतः वाचूनच घ्या. मूळच्या तीन टक्क्यांच्या आत राहायचं, हे मी सगळ्यांना सांगते.

आता भार, सात-आठ माणसांच्या गाडीला सगळ्यात जड विषय, आणि अलॉय विकणारे ज्याबद्दल अवाक्षर काढत नाहीत तोही हाच. टायरच्या साइजपुढं ९४ असा अंक असतो, त्याचा अर्थ एक टायर ६७० किलो पेलतो. ९१ असेल तर ६१५ किलो, ९५ असेल तर ६९०. रिमलाही असाच भार ठरलेला असतो आणि चांगल्या रिमच्या पाठीवर "मॅक्स लोड" म्हणून किलोत किंवा पौंडात कोरलेला असतो. छोट्या हॅचबॅक गाडीसाठी केलेली अलॉय पाच भोकांची आणि पंधरा इंची असू शकते, दिसायला तीच, पण भार कमी पेलणारी. ती भरलेल्या इनोव्हाला लावली तर एक दिवस काडीच्या मुळाशी तडा जातो. त्यामुळं रिमवरचा भार टायर पेलतो त्या भारापेक्षा कमी असेल तर ती रिम तुमच्या गाडीची नाही. रिमवर अंकच नसेल तरीही नाही. जेडब्ल्यूएल आणि व्हीआयए हे जपानी शिक्के, आपला आयएसआयचा शिक्का, यांपैकी काही आहे का बघा. शिक्का चिकटवलेला नको, ओतलेला किंवा कोरलेला हवा.

"अलॉय हलकी असते, ॲव्हरेज वाढतं" असं सांगून विकतात. प्रत्येक अलॉय हलकी नसते. मोठ्या व्यासाची स्वस्त अलॉय लोखंडी रिमपेक्षा जड भरलेली मी स्वतः काट्यावर बघितली आहे. दुकानात वजनकाटा असतो, ठेवून बघायला सांगा.

वापरलेली रिम घेत असाल तर आणखी थोडं. २०१९ आणि २०२१ च्या पुरात आपल्या भागातल्या कितीतरी गाड्या पाण्यात उभ्या होत्या. लोखंडी रिम टायरखाली गंजते ते बाहेरून दिसत नाही, म्हणून टायर उतरवलेलीच रिम घ्या आणि टायर बसतो त्या कडेवर नख फिरवा. पापुद्रे निघाले तर हवा कधीच टिकणार नाही. ट्यूबलेस टायरसाठी त्या कडेच्या आत एक बारीक उंचवटा असतो, तो वळणावर टायरला आत घसरू देत नाही. फार जुन्या लोखंडी रिमांना तो नसतो, अशी रिम ट्यूबलेसला नको. अलॉयच्या काड्यांच्या मुळाशी आणि नटाच्या भोकांभोवती रंगाखाली केसासारखी रेघ आहे का बघा, उन्हात तिरकी धरून बघा. ताजा रंग दिला असेल तर जास्तच नीट बघा. लोखंडी रिम वाकली तर आम्ही ती सरळ करतो, ती काही वर्षं चालते. अलॉयला तडा गेला आणि कुणी वेल्डिंग करून दिलं तर ते चाक गाडीला लावू नका. शेवटी रिम बॅलन्सिंग मशीनवर टायरशिवाय फिरवून घ्या. कड वरखाली किंवा आतबाहेर होताना डोळ्यालाही दिसते. दीड-दोन मिलिमीटरपेक्षा जास्त हलली तर परत करा.

कागदाचंही बघा. मोटार वाहन कायद्याच्या ५२ व्या कलमानं कंपनीनं ठरवलेल्या रचनेत बदल करता येत नाही, आणि सर्वोच्च न्यायालयानं २०१९ मध्ये तेच पक्कं केलं. मडगार्डबाहेर आलेली चाकं त्यामुळं रस्त्यावर अडवली जाऊ शकतात. लोखंडी काढून अलॉय घातल्या तर विमा कंपनीला लेखी कळवा, मेल केली तरी चालेल. रिमांचं बिल गाडीच्या कागदांत ठेवा.

बसवतानाचं काम लहान पण चुकवू नका. हबचा तोंडावरचा गंज तारेच्या ब्रशनं काढा. राईएवढा गंजाचा पापुद्रा मध्ये राहिला तरी चाक वाकडं बसतं. स्टडला ग्रीस लावू नका, त्यानं नट ठरलेल्यापेक्षा जास्त ताणला जातो. गाडी जॅकवर असतानाच सगळे नट हातानं टेकवा, मग एक सोडून एक अशा क्रमानं आवळा, पाच टोकांची चांदणी काढावी तसं. शेवटचा आवळ चाक जमिनीवर टेकवून टॉर्क पान्यानं, म्हणजे ठरलेला जोर आला की टक्क वाजणाऱ्या पान्यानं. जोर किती न्यूटन-मीटर ते गाडीच्या पुस्तकात असतं. इनोव्हासाठी आम्ही १०३ ठेवतो. गननं किती आवळलं हे कुणालाच सांगता येत नाही, म्हणून गन फक्त नट पोचवण्यापुरती. आणि पन्नास ते शंभर किलोमीटर चालल्यावर परत या, नट पुन्हा तपासायला. याचे पैसे कुठलाच चांगला दुकानदार घेत नाही.

गुरुजींनी त्या अलॉय परत नेल्या. अर्धे पैसे मिळाले. मी त्यांना पंधरा इंची लोखंडी रिमा घ्यायला सांगितल्या, मूळच्याच मापाच्या, दोन नव्या. उरलेल्या दोन त्यांच्याच सरळ करून दिल्या आणि मागं घातल्या. रंग काळा दिला. त्यांच्या मुलाला अलॉय हव्या होत्या, तो जरा नाराज होता. मी त्याला माझी फळी आणि पट्टी दिली आणि परत चाललेल्या रिमेचा ऑफसेट मोजायला लावला. दोनदा चुकला, तिसऱ्यांदा बरोबर काढला.

पुढच्या बुधवारी मिरजेहून परत जाताना ते थांबले. आजी मागच्या सीटवर मान टेकून झोपल्या होत्या. मी त्यांना उठवू दिलं नाही, गाडी होती तशीच सावलीत उभी ठेवली आणि टॉर्क पाना घेऊन चारी चाकं तपासली. वीस नटांपैकी एकोणीस जागेवर टक्क वाजले. डाव्या पुढच्या चाकाचा एक पाव फेरा फिरला, मग वाजला.